भिशीतलं तेरावं पाकीट: पैशाच्या तंगीवरचा भयखेळ घरी कसा रचायचा

कागद, पेन्सिल आणि फासे घेऊन, प्रत्येकानं एकेक पात्र बनून खेळायचे रोलप्लेइंग गेम म्हटले की आपल्याकडे अजून ड्रॅगन, तलवारी आणि जादूगारच डोळ्यांसमोर येतात. १९७४ मध्ये ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ आला तेव्हापासूनची ही ओळख. पण याच खेळांची एक शाखा अशी आहे जिथे पात्रांची झोप थकलेल्या भाड्यानं उडते, आणि भूत त्यानंतर येतं. मुंबईत राहणाऱ्या माणसाला हा प्रकार समजावून सांगावा लागत नाही. चार खेळाडू, गोष्ट पुढे नेणारा एक सूत्रधार आणि एक मोकळी संध्याकाळ असली तर असा खेळ कसा उभा करायचा, ते इथे सांगतो आहे. सूत्रधारानं एकच गोष्ट पक्की धरायची: हिशेब आधी, भूत नंतर. खेळाडूंच्या समोर आकड्यांची ओढाताण नसेल तर भूत कितीही भयंकर रंगवा, ते परकंच राहतं.

आधी कुणी काय केलंय

‘कॉल ऑफ क्थुलू’ हा १९८१ चा खेळ भयखेळांचा पाया मानला जातो. त्यात पात्राचं मानसिक स्वास्थ्य आकड्यात मोजतात आणि अघोरी काही पाहिलं की आकडा घसरतो. ‘क्रेडिट रेटिंग’ नावाचं एक कौशल्यही त्यात आहे, पण पात्रं बरीचशी प्राध्यापक, डॉक्टर, पत्रकार असल्यानं पैसा पार्श्वभूमीला राहतो. पैशालाच भयाच्या जागी बसवणारा खेळ म्हणजे केलेब स्टोक्स यांचा ‘रेड मार्केट्स’, २०१७ चा. अर्धी अमेरिका चालत्या प्रेतांनी गिळली आहे, तरी लोकांना कामावर जावंच लागतं. प्रत्येक पात्रावर घरची माणसं अवलंबून, प्रत्येक खेपेनंतर पोटापाण्याचा खर्च वजा, आणि जीव धोक्यात घालायच्या आधी मजुरीची घासाघीस. अंतराळातल्या कामगारांवरचा ‘मदरशिप’ही पाहण्यासारखा आहे, त्यात ताण साठत जातो आणि शेवटी माणूस फुटतो.

या सगळ्यांच्याही आधीचं एक उदाहरण मला जास्त शिकवून गेलं. एलिझाबेथ मॅगी यांनी १९०४ मध्ये ‘लँडलॉर्ड्स गेम’चं पेटंट घेतलं. जमिनीच्या भाड्यानं माणूस कसा पिळला जातो हे दाखवण्यासाठी त्यांनी तो रचला होता. त्यातूनच पुढे मोनोपॉली आली आणि आपल्याकडचा ‘व्यापार’. दाखवायचं होतं भाडेकरूचं दुःख, पण खेळणाऱ्यांना चटक लागली मालक होण्याची. म्हणून पहिला नियम लिहून ठेवा: आपल्या खेळात मालक, बिल्डर, सावकार यांची भूमिका कोणत्याही खेळाडूला द्यायची नाही. जिंकणारी खुर्चीच टेबलावर ठेवायची नाही.

बसण्यापूर्वीचं बोलणं

हा भाग टाळू नका. टेबलावरच्या चौघांपैकी कुणाच्या तरी घरी खरंच हप्ते थकलेले असू शकतात, आणि ते तुम्हाला कधीच कळणार नाही. म्हणून आदल्या दिवशी प्रत्येकाला वेगळा मेसेज करून विचारा: कोणता विषय अजिबात नको? कोणता आला तरी चालेल, पण पडद्याआड? कारण विचारू नका, आणि कुणाचा पगार तर मुळीच विचारू नका. माझ्या टेबलावर आत्महत्या आणि घरातली मारहाण हे दोन विषय मी स्वतःच बंद ठेवतो. कर्जाच्या गोष्टीत आत्महत्या फार सहज येते आणि खेळणाऱ्यांच्या हातातला निर्णयच काढून घेते.

टेबलाच्या मधोमध फुली काढलेला एक कागद ठेवा. जॉन स्टाव्रोपोलस यांनी रूढ केलेलं हे ‘एक्स कार्ड’. कुणीही त्याला हात लावला की तो प्रसंग तिथेच सोडायचा, खुलासा मागायचा नाही. आणखी दोन पथ्यं. गरिबी दाखवायची म्हणून कुणी बोलीची नक्कल करू लागला तर तिथेच थांबवा. आणि पैसे उसने देणारं पात्र अमुक जातीचं किंवा अमुक प्रांतातलं असा ठरीव साचा वापरू नका. तो जुना, आळशी आणि दुखावणारा आहे.

चाळ उभी करा

जागा म्हणून लालबाग-परळ भागातली एक काल्पनिक चाळ घ्या. तीन माळे, सामाईक गॅलरी, टोकाला नळ, आणि पुनर्विकासाची चर्चा कित्येक वर्षं नुसतीच चालू. नकाशा काढण्यात वेळ घालवू नका. त्याऐवजी खेळाडूंना एकेक प्रश्न विचारा आणि उत्तर लिहून घ्या. तुमच्या माळ्यावर पाणी किती वाजता येतं? गॅलरीत कुणाची सायकल गंजत पडली आहे? कुणाशी तुम्ही बोलत नाही? शेवटचा प्रश्न सहज विचारल्यासारखा विचारा: या माळ्यावर कोणाची खोली बंद आहे, आणि ते लोक गेले तेव्हा त्यांचं कुणाकडून काय येणं राहिलं होतं? या उत्तरातूनच तुमचं भूत तयार होणार आहे. खेळाडूंना ते आत्ता सांगायचं नाही.

मांडी घालून जमिनीवर बसलात तर उत्तम. फासे स्टीलच्या ताटात टाका, पण ताटात नॅपकिन अंथरा, नाहीतर शेजारचे विचारायला येतील. आणि दिवे मालवू नका. भयखेळ म्हणजे मेणबत्त्या हा समज इथे नडतो, कारण या खेळात वही सतत वाचता आली पाहिजे. ट्यूबलाइट चालू असू द्या.

खर्चाची वही

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. प्रत्येक खेळाडूला वहीचं एक पान द्या. वर पात्राचं नाव, काम आणि घरात कोण कोण आहे ते. खाली महिन्याची मिळकत आणि सहा ओळी खर्चाच्या. पैशांसाठी चिंचोके, बटणं किंवा ‘व्यापार’मधल्या नोटा वापरा, एक नग म्हणजे एक हजार रुपये.

एक पान भरून दाखवतो. गणेश, मिलच्या जमिनीवर उभ्या राहिलेल्या लोअर परळच्या एका मॉलमध्ये कंत्राटदाराकडून लागलेला सिक्युरिटी गार्ड, बारा तासांची ड्युटी. मिळकत १८. खर्च: रेशन-किराणा ६, खोलीचं भाडं आणि लाइटबिल २, मुलीची शाळा ३, गावी आईला ३, औषधं २, भिशी ५. बेरीज २१. म्हणजे दर महिन्याला ३ कमी, आणि हे काहीही विपरीत घडायच्या आधी. बाकीची पात्रंही अशीच करा: घरी फॉल-बीडिंग करणारी, नर्सिंग होममधली आया, जेवणाची पार्सलं पोचवणारा, खानावळ चालवणारी. खानावळवाली जरूर घ्या. गिरणगावात या बायकांनी हजारो कामगारांना जेवू घातलं, आणि १९७५ मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ काढून त्यांना एकत्र आणलं. या पात्राला आख्ख्या माळ्याची उधारी माहीत असते, त्यामुळे ती टेबलावर असली की गोष्टी लपत नाहीत.

नियम साधा आहे. महिन्याच्या शेवटी चिंचोके कमी पडले की खेळाडूनं स्वतःच्या हातानं एक ओळ खोडायची. सूत्रधारानं सुचवायचं नाही, घाई करायची नाही. खोडलेल्या ओळीचा प्रसंग लगेच रंगवा, पण दोन वाक्यांत. तीच ओळ लागोपाठ दोनदा खोडली तर मात्र पूर्ण प्रसंग खेळा: शाळेतून मुलीच्या हाती चिठ्ठी येते, किंवा गावाहून आईचा फोन येतो आणि ती पैशांचं काहीच विचारत नाही.

प्रत्येकाची एक मोठी निकडही ठरवा, बरोबर ६० चिंचोक्यांची, आणि तिच्यापुढे शेवटचा महिना लिहा. कॉलेजची अ‍ॅडमिशन जुलै, जुन्या कर्जाची फेड जुलै, आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन सप्टेंबर, खोलीचं डिपॉझिट ऑक्टोबर. पहिल्या दोघांचा महिना मुद्दाम एकच ठेवायचा. मुदत हुकली की ६० चे ७५ होतात.

फासे

लुडोतले दोन फासे पुरतात, फक्त रंग वेगळे हवेत. कल्पना ‘रेड मार्केट्स’ची आहे, तिथे दहा बाजूंचे फासे लागतात. काळा फासा तुमचा, लाल बाजाराचा. काळा लालपेक्षा मोठा आला तर काम झालं. बरोबरी म्हणजे हार. नुसत्या फाशांवर ३६ पैकी १५ वेळा यश येतं. पात्राला त्या कामाची सवय असेल तर काळ्यात १ मिळवा, ३६ पैकी २१. फार चांगलं येत असेल तर २ मिळवा, ३६ पैकी २६. फासे फक्त जादा कमाईसाठी, कुणाचं मन वळवण्यासाठी किंवा जिवावरच्या प्रसंगी टाकायचे. खर्च भागवण्यासाठी फासे टाकू देऊ नका. बेरीज-वजाबाकीत नशीब आलं की आशा निर्माण होते आणि पकड सुटते.

अब्रू

मानसिक स्वास्थ्याचा आकडा मी इथे ठेवत नाही. चाळीत पैशाच्या तंगीचं खरं भय चारचौघांत कळण्याचं असतं. म्हणून प्रत्येकाला ४ अब्रू द्या. गॅलरीत सगळ्यांदेखत उसने मागितले, वाण्यानं उधारी नाकारली, फी थकली म्हणून मुलाला शाळेतून परत पाठवलं, की एक कमी. दुसऱ्या खेळाडूला खरी परिस्थिती स्वतःहून सांगितली की एक परत मिळते. शून्यावर आलेलं पात्र दार लावून घेतं आणि त्या महिन्यात कुणाकडूनही मदत मागू शकत नाही. आपल्या भुताला असंच माणूस हवं असतं.

भिशी, आणि तेरावं पाकीट

बारा जणांची भिशी, पाच हजारांचा हप्ता, दर महिन्याच्या दहा तारखेला चिठ्ठी. चालवतात सुमनकाकू, ते पात्र सूत्रधाराचं. भिशी सुरू झाली डिसेंबरात आणि खेळ सुरू होतो जूनमध्ये, म्हणजे सहा जणांना लागून गेली आहे. डब्यात सहा चिठ्ठ्या उरल्या: चार खेळाडूंच्या, दोन सूत्रधाराच्या माणसांच्या. त्या दोघांना जून आणि ऑगस्टमध्ये लागू द्या. बाकी चार महिने खरीखुरी चिठ्ठी काढा. खेळाडूंनी आपसांत नंबर बदलून घ्यायचा ठरवला तर जरूर घेऊ द्या. सगळ्यात चांगली भांडणं आणि सगळ्यात चांगली माया इथेच दिसते.

जूनच्या दहा तारखेला काकू पाकिटं मोजतात. ६० यायला हवेत, येतात ६५. पुन्हा मोजतात. तेरा पाकिटं. तेराव्यावर नाव नाही. आता तुम्ही फक्त विचारा, “या पाचाचं काय करायचं?” बहुतेक टेबलांवर ते ज्याला भिशी लागली त्याच्या हातात जातात. कुणी फार चौकशी करत नाही. ती रक्कम स्वीकारली गेली, एवढं तुमच्या वहीत लिहून ठेवा. त्यांनी पाकीट बाजूला ठेवलं तरी हरकत नाही, पुढच्या महिन्यात ते पुन्हा येतं.

जुलैपासून दुसरी गोष्ट सुरू होते. ज्याच्याकडे हप्त्याचे ५ नाहीत, त्याचा हप्ता आधीच भरलेला असतो. हा प्रसंग कसा खेळायचा ते दाखवतो.

“काकू, माझे पाच राहिलेत. वीस तारखेपर्यंत देतो.”

“अरे, तुझे आले की.”

“कुणी दिले?”

“आता काय सांगू? पाकिटावर तुझंच नाव आहे. अक्षरही तुझंच वाटतंय. बघ.”

यानंतर सूत्रधारानं गप्प बसायचं. खेळाडूला एकदाच विचारायचं, “तू काकूंना काय सांगतोस?” तो “हो, मीच दिले असतील” म्हणाला, की त्याच्या पानावर एक काळं बटण ठेवा. ते कशाचं, हे सांगू नका. अब्रू शून्य असलेल्याला तर विचारायचीही गरज नाही, हप्ता भरला जातो आणि बटण येतं.

भुताला चेहरा देऊ नका. बंद खोलीच्या दाराखालून उजेड दिसतो. काकूंच्या वहीत तेरावा रकाना आखलेला आढळतो. गणेशचा शेजारी म्हणतो, “काल रात्री तू त्या खोलीपाशी उभा होतास ना?” दर महिन्याला एवढी एकच खूण पुरे. कुणी मांत्रिक आणायचं म्हटलं तर आणू द्या. तो ७ चिंचोके घेतो आणि काहीच बदलत नाही. त्या निमित्तानं कुणा बाईवर चेटकीण म्हणून ठपका ठेवायचा प्रसंग मात्र येऊ देऊ नका.

महिने

जून: वह्या-दप्तर-गणवेश, मुलं असलेल्यांना २ जादा. जुलै: पाऊस, एक दिवस लोकल बंद, रोजंदारीवाल्यांचा १ गेला, वरच्या माळ्याला गळती. ऑगस्ट: घरोघरी ताप, औषधांची ओळ खोडलेली असेल तर आता दुप्पट. सप्टेंबर: गणपती. वर्गणी १, आणि गावी जायचं तर तिकीट आणि भेटवस्तूंचे ३. न जाणं हा पर्याय आहे, पण त्याला अब्रू लागते. हा महिना सावकाश खेळा. आरतीला सगळे एकत्र असतात, कोण उशिरा आलं हे सगळ्यांना दिसतं, आणि प्रसादाच्या एका द्रोणाचा हिशेब लागत नाही. ऑक्टोबर भरभर उरका. नोव्हेंबरात दिवाळी, बोनस कुणाला मिळतो ते फाशांवर.

शेवटचा हिशेब

नोव्हेंबरात बारावी भिशी लागते आणि सगळ्यांना वाटतं, संपलं. पण तेराव्यानंही, म्हणजे आपल्या भुतानंही, हप्ते भरले आहेत, त्याचा नंबर यायचा आहे. डिसेंबरच्या दहाला डबा काकूंच्या उंबऱ्यावर असतो आणि आत एक चिठ्ठी.

तो पैसे नेत नाही. ज्याच्या पानावर जितकी काळी बटणं, तितक्या ओळी तो नेतो, आणि त्या खेळाडूनं स्वतः सर्वांत जास्त वेळा खोडलेल्या ओळींपासून सुरुवात करतो. शाळा खोडली होती? शाळेच्या हजेरीत मुलीचं नाव कधीच नव्हतं. गाव खोडलं होतं? एसटी रात्रभर धावते, फाटा येतच नाही. औषधं? त्या माणसाची खाट घरात कुणालाच आठवत नाही. म्हणूनच वहीत खोडलेलं प्रत्येक वेळी तारखेसह लिहायचं असतं. भुतानं आयत्या वेळी नवीन काही ओढून आणलं तर खेळाडूंना ते अन्यायाचं वाटेल, आणि ते योग्यच असेल.

सुटकेची वाट ठेवलीच पाहिजे, पण एकट्यादुकट्याला परवडणारी नको. तेराव्यानं घातलेली सगळी रक्कम परत डब्यात गेली तर तो निघून जातो. जून ते नोव्हेंबर त्याचे स्वतःचे हप्ते ३०, आणि प्रत्येक काळ्या बटणामागे ५. चौघांत मिळून सहा बटणं असतील तर आणखी ३०, म्हणजे एकूण ६०. अख्खी एक भिशी. शेवटी ज्याला लागते त्याच्याकडे एवढे पैसे असतात, आणि त्याची निकड तशीच पडून असते. हा नियम तोंडानं सांगू नका. काकूंची वही टेबलावर ठेवा, रकाने दिसू द्या, बेरीज त्यांना करू द्या. कुणी एकानं सगळं सोसायचं, चौघांनी थोडं थोडं काढायचं, की मुकाट्यानं दहा तारखेची वाट पाहायची, यावर अर्धा तास बोलणं झालं तर घड्याळ पाहू नका.

वेगळ्या चौकटी

भिशी नको असेल तर मुंबईच्या इतिहासातच भरपूर आहे. १८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला, सुमारे अडीच लाख कामगारांचा गिरणी संप घ्या. गेटवर रोज आशेनं उभा राहणारा बदली कामगार हे पात्र घ्या, आणि भोंगा बंद गिरणीतून वाजू द्या. पुनर्विकास घ्यायचा तर गोरेगावच्या पत्राचाळीतली ६७२ कुटुंबं डोळ्यांसमोर ठेवा. २००८ मध्ये करार झाला आणि पुढे वर्षानुवर्षं ती स्वतःच्या घराबाहेर राहिली. या चौकटीत महिन्यांऐवजी वर्षं मोजा. झटपट दोन तासांचा खेळ हवा तर सप्टेंबर २०१९ घ्या: पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेवर रिझर्व्ह बँकेनं निर्बंध आणले तेव्हा सुरुवातीला खातेदाराला फक्त १,००० रुपये काढता येत होते. प्रत्येकाला एकच चिंचोका द्या आणि सुरू करा. आणि मोबाइलवरच्या कर्जाच्या अ‍ॅपची गोष्ट रचणार असाल तर रात्री तिसऱ्या हाकेशिवाय ओ देऊ नये हा आजीचा नियम वापरा. वसुलीवाल्याचा फोन तुमच्या कॉन्टॅक्ट लिस्टमधल्या सगळ्यांना जातो, हाक तुमच्या नावानं येते, आणि ओ देतं कुणीतरी दुसरंच.

खऱ्या घटना घेताना खऱ्या पीडितांची नावं घेऊ नका. काल्पनिक खोली नंबर आणि काल्पनिक आडनावं पुरतात.

खेळ संपल्यावर

लगेच उठू नका. चहा टाका आणि प्रत्येकाला दोनच गोष्टी विचारा: कोणती ओळ खोडताना हात थांबला, आणि पुढच्या वेळी काय नको. पानं गोळा करून सूत्रधारानं स्वतःकडे ठेवा, टेबलावर विसरू नका. खेळातले आकडे कुणाच्या खऱ्या घराजवळ गेलेले असू शकतात. खेळाडू तीनच आले तर सूत्रधाराचं तिसरं माणूस धरा, त्याला सप्टेंबरमध्ये भिशी लागू द्या आणि सुटकेच्या हिशेबात तेराव्याचे स्वतःचे हप्ते ३० ऐवजी २० धरा. पाच आले तर ऑगस्टची चिठ्ठीही खरीच काढा, बाकी सगळं तसंच.